लेण्यातले नाव आणि पडद्यावरची गोष्ट

मावळातल्या कार्ल्याच्या चैत्यगृहाच्या दाराजवळ सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीचे लेख आहेत. एक धेनुकाकटच्या सिंहदत्ताचा. हा सुगंधी द्रव्ये विकणारा. दुसरा वेणुवासाचा मुलगा सामी याचा, हा सुतार. सामीने दार घडवले आणि स्वतःचे, बापाचे नि धंद्याचे नाव दगडावर राहिले. राजाइतकेच सुताराचे नावही कोरण्याजोगे मानले गेले, ही गोष्ट लहान नाही.

पुढे वर्णव्यवस्थेने श्रमणाऱ्या माणसाच्या हातून अक्षरच काढून घेतले. १९२० साली बाबासाहेबांनी 'मूकनायक' काढले, तेव्हा पैसे देऊ केले असतानाही 'केसरी'ने त्याची जाहिरात छापली नाही. छापखाना ज्याचा, गोष्ट त्याची, हा नियम होता. दलित साहित्याने स्वतःची नियतकालिके काढून तो मोडला.

आज हा नियम संपला असे सांगितले जाते. २०१६ साली जिओ आल्यानंतर डेटा स्वस्त झाला. खिशातला मोबाईलच कॅमेरा झाला. ठाण्याच्या प्राजक्ता कोळी यांचे उदाहरण बोलके आहे. रेडिओतले काम सोडून त्यांनी २०१५ मध्ये यूट्यूबवर चित्रफिती सुरू केल्या. घरातली निरनिराळी माणसे स्वतःच वठवली आणि पुढे मालिका, चित्रपट, कादंबरीपर्यंत मजल मारली. कोणा निर्मात्याचा उंबरठा न झिजवता त्यांनी आपला प्रेक्षक मिळवला. हे यश खरे आहे.

परंतु भिंत कोणाची, हा प्रश्न उरतोच. यूट्यूबवर जाहिरातीचा वाटा हवा असेल, तर १,००० सदस्य आणि वर्षभरात ४,००० तासांचे पाहणे लागते, किंवा छोट्या चित्रफितींना ९० दिवसांत एक कोटी प्रेक्षणे. मोठ्या चित्रफितींवरील जाहिरात-उत्पन्नाचे ५५ टक्के निर्मात्याला, उरलेले कंपनीला. कोणती चित्रफीत कोणापुढे ठेवायची हे कंपनीची गणिती यंत्रणा ठरवते. ती पाहण्याचे तास मोजते. वेदना मोजत नाही.

३० जून २०२४ रोजी लोणावळ्याच्या भुशी धरणामागील धबधब्यात एका कुटुंबातली पाच माणसे वाहून गेली. प्रवाहात एकमेकांना धरून उभ्या असलेल्या त्या माणसांची चित्रफीत देशभर फिरली. त्याच पाण्यात मृतदेह शोधायला उतरणारे हात किती जणांनी पाहिले? लोणावळ्याचा पाऊस रोज दिसतो. हॉटेलची भांडी घासणारी बाई, चिक्कीच्या कढईपाशी उभा कामगार, कातकरी पाडा दिसत नाही. नजर तीच जुनी, कॅमेरा तेवढा नवा.

म्हणून कॅमेरा नाकारायचा का? मुळीच नाही. हैदराबादेत रविचंद्रन यांनी सुरू केलेल्या 'दलित कॅमेरा'ने याच साधनाने आपल्या माणसांची साक्ष नोंदवली. पण जून २०२० मध्ये टिकटॉकवर बंदी आली आणि खेड्यापाड्यांतल्या कित्येकांचा प्रेक्षक एका रात्रीत गेला. भाड्याच्या भिंतीवर लिहिलेले भिंतीबरोबर जाते.

आपल्या तरुणांनी जरूर बोलावे, चित्रित करावे. मात्र मूळ फीत स्वतःजवळ ठेवावी. बोलणाऱ्याचे नाव, गाव, दिनांक नोंदवावा. त्याची संमती घ्यावी. वस्तीच्या वाचनालयात एक प्रत द्यावी. प्रेक्षकसंख्या उद्या विसरली जाईल. सामी सुताराचे नाव राहिले, कारण ते त्याच्या कामाशेजारी, त्याच्याच दारावर कोरलेले होते.