कोंबड्या, कोंडा आणि केळ्याचे मफिन

कणीक चाळली की चाळणीत काय उरतं ते पाहिलंय? तांबूस, हलके, बोटांना खरखरीत लागणारे पापुद्रे. तोच गव्हाचा कोंडा. बहुतेक घरांत तो गाईच्या घमेल्यात जातो, नाहीतर सरळ कचऱ्यात, आणि मला दर वेळी हळहळ वाटते. रविवारी नाश्त्याला केळं आणि बेदाणे घालून मफिन करायचे असतील, तर या कोंड्याइतकी करामती वस्तू अख्ख्या स्वयंपाकघरात सापडायची नाही. तो पाणी पितो, पिठातले धागे तोडतो, बेदाण्यांना बुडू देत नाही. आणि त्याच्या भावाने, म्हणजे तांदळाच्या कोंड्याने, तर आजारी कोंबड्या बऱ्या करून एका डॉक्टरला थेट नोबेल पारितोषिकापर्यंत पोचवलं. ती गोष्ट सांगणारच आहे, पण आधी दाणा बघू.

गव्हाचा एक दाणा घ्या आणि नखाने सोलून पाहा. सोलता येत नाही. शेंगदाण्याचं साल कसं चुरगाळलं की निघतं, तसं इथे होत नाही, कारण गव्हाची सालं एकमेकांना आणि आतल्या भागाला घट्ट चिकटलेली असतात. आत पांढरा पिठूळ साठा, एका टोकाला इवलासा अंकुर आणि या दोघांवर ही सालं. १०० ग्रॅम गव्हात कोंडा भरतो साधारण १४-१५ ग्रॅम, अंकुर जेमतेम २-३ ग्रॅम आणि बाकी सगळा पांढरा साठा. मैदा म्हणजे फक्त तो साठा. गिरणीतून दळून आणलेल्या कणकेत मात्र तिन्ही असतात, निदान आपण ती चाळेपर्यंत तरी.

कोंडा म्हणजे नुसती टरफलं नव्हेत. त्याचा सगळ्यात आतला थर जिवंत पेशींचा असतो. दाणा ओल्या मातीत पडला की याच पेशी विकरं सोडतात. विकरं म्हणजे साठ्यातल्या पिठाची साखर करणारी रसायनं. ती साखर खाऊन कोवळं रोप वाढतं. एवढं मोठं काम करायचं म्हणून त्या थरात ब गटातली जीवनसत्त्वं, लोह, मॅग्नेशियम असा ऐवज भरलेला असतो. आता कळलं ना मला हळहळ का वाटते?

आता कोंबड्या. इंडोनेशियातलं जाकार्ता शहर डच लोकांच्या ताब्यात होतं तेव्हा त्याला बटाव्हिया म्हणत. तिथे क्रिस्तियान आइकमान नावाचा डच डॉक्टर बेरीबेरी या रोगामागे लागला होता. या रोगात माणसाच्या पायांतलं बळ जातं, चालता येत नाही, पुढे हृदयही दगा देतं. तो काळ रोगजंतूंच्या शोधांचा होता. क्षयाचे जंतू सापडले, पटकीचे सापडले. मग बेरीबेरीचेही सापडणारच, असं सगळ्यांना वाटत होतं. आइकमानने प्रयोगासाठी कोंबड्या पाळल्या होत्या. एकदा त्या लटपटायला लागल्या. पाय टाकता येईना, पडल्या की उठता येईना. आणि काही महिन्यांनी, कुणी काही औषध न देता, त्या आपोआप बऱ्या झाल्या!

असं काही झालं की पुष्कळ जण सुटकेचा श्वास टाकून पुढच्या कामाला लागतात. आइकमान मात्र कोंबड्यांना खायला कोण घालतं आणि काय घालतं याची चौकशी करायला गेला. कळलं ते असं: मधल्या काळात कोंबड्यांना लष्करी इस्पितळाच्या स्वयंपाकघरातला उरलेला भात मिळत होता, सडून, म्हणजे कोंडा काढून, पांढराशुभ्र केलेल्या तांदळाचा. मग तिथे नवा आचारी आला. लष्कराचा भात बाहेरच्या कोंबड्यांना कशाला, असं म्हणून त्याने तो बंद केला. कोंबड्या पुन्हा साध्या, न सडलेल्या तांदळावर आल्या आणि चालायला लागल्या. आइकमानने मग मुद्दाम करून पाहिलं. पांढरा तांदूळ दिला की कोंबडी आजारी, त्यात कोंडा मिसळला की कोंबडी बरी. फोर्डरमान नावाच्या दुसऱ्या एका डॉक्टरने जावा बेटावरच्या तुरुंगांमधून माहिती गोळा केली, तर पांढरा तांदूळ खाणाऱ्या कैद्यांमध्येच बेरीबेरी कितीतरी जास्त.

आइकमानला पहिल्यांदा वाटलं, पांढऱ्या तांदळात काही विष असावं आणि कोंड्यात त्याचा उतारा. ते खरं नव्हतं. त्याच्या जागी आलेल्या गेरिट ग्रिन्सने १९०१ मध्ये नेमकं सांगितलं की विषबिष काही नाही, कोंड्यात एक गरजेची गोष्ट असते आणि ती पोटात न गेल्यामुळे रोग होतो. ती गोष्ट म्हणजे ब१ जीवनसत्त्व. १९२६ मध्ये यान्सन आणि डोनाट या दोघांनी तांदळाच्या कोंड्यातूनच त्याचे शुद्ध स्फटिक वेगळे काढले. आइकमानला १९२९ मध्ये नोबेल मिळालं. मला या गोष्टीत सगळ्यात आवडतो तो चौकशी करायला गेलेला आइकमान. कोंबड्या बऱ्या का झाल्या, हे विचारायचं त्याला सुचलं.

चला, हात धुवा. ओव्हनचं आणि गॅसचं काम घरातल्या मोठ्या माणसाकडे द्यायचं, बाकी सगळं तुम्ही. दीड वाटी गव्हाचा कोंडा, एक वाटी ताक, एक वाटी कणीक, दोन पिकलेली केळी, अर्धी वाटी चिरलेला गूळ, पाव वाटी तेल, एक अंडं, अर्धा छोटा चमचा खाण्याचा सोडा, चिमूटभर मीठ, मूठभर बेदाणे. अंडं खात नसाल तर ताक थोडं वाढवा, मफिन जरा भुसभुशीत होईल इतकंच. कोंडा घरच्या चाळणीतला किंवा खाण्यासाठी म्हणून पाकिटात मिळतो तो घ्यायचा, गुरांच्या खाद्याच्या दुकानातला नाही.

पहिलं काम: कोंडा ताकात भिजवून पंधरा मिनिटं विसरून जा. ही पायरी कुणी गाळली की मला राग येतो, कारण खरी गंमत इथेच आहे. कणकेत पाणी घालून ढवळलं की तिच्यातली प्रथिनं एकमेकांत गुंतून लवचिक धागे तयार होतात. त्यांना ग्लुटेन म्हणतात. मैद्याचा घट्ट गोळा मळून पाण्याखाली धूत राहा, पांढरं पाणी निघून गेलं की हातात चिवट, ताणला जाणारा गोळा उरतो. तेच ग्लुटेन. मफिनमधले वायूचे बुडबुडे याच धाग्यांच्या जाळीत अडकून राहतात. कोरड्या कोंड्याच्या कडा या धाग्यांवर मांज्यासारख्या फिरतात. धागे तुटले, बुडबुडे फुटले, मफिन बसका. शिवाय कोरडा कोंडा ओव्हनमध्ये गेल्यावरही पाणी पीत राहतो आणि बाकीचं पीठ कोरडंठक्क करून टाकतो. आधीच पोटभर ताक प्यायलेला कोंडा मऊ होतो आणि निम्मी भांडणं मिटतात. पंधरा मिनिटांनी भांड्यात बघा, सगळं ताक गडप झालेलं असेल.

तोवर केळी कुस्करा. जळगावकडची असोत की दारातली वेलची केळी, सालीवर काळे ठिपके आलेलीच घ्या. कच्च्या केळ्यात पिठूळ स्टार्च भरलेला असतो. केळं पिकताना स्वतःच इथिलीन नावाचा वायू सोडतं आणि त्याच्या इशाऱ्याने स्टार्चची साखर होत जाते. गव्हाचा दाणा रुजताना जे करतो तेच, फक्त इथे साखर रोपासाठी नसते. फळ खाऊन कुणीतरी बिया लांब न्याव्यात म्हणून झाडाने दिलेली ती लाच असते. आपल्या खायच्या केळ्यात आता रुजणाऱ्या बियाच नाहीत, तरी लाच चालूच आहे.

केळी, गूळ, तेल, अंडं भिजलेल्या कोंड्यात मिसळा. कणीक, मीठ आणि सोडा वेगळ्या भांड्यात नीट एकत्र करा. आता दोन्ही एकत्र करायचं, आणि यापुढे घाई. ताक आंबट, सोडा त्याच्या उलट स्वभावाचा. दोघं भेटले की कार्बन डायऑक्साइड वायू सुटायला लागतो आणि तो तुमची वाट पाहत थांबत नाही. म्हणून हलक्या हाताने, कोरडं पीठ दिसेनासं होईपर्यंतच ढवळा. गुठळ्या राहिल्या तर राहू द्या. फार ढवळलं तर ग्लुटेनचे धागे इतके चिवट होतात की वायूला त्यांच्यातून वाट काढावी लागते. मग मफिन कापल्यावर आत लांबट बोगदे दिसतात. शेवटी बेदाणे. पातळ पिठात ते तळाशी जाऊन बसतात, पण कोंड्याने हे पीठ इतकं घट्ट केलेलं असतं की बेदाणे जिथल्या तिथे अडकून राहतात.

साचे पाऊण भरा आणि १९० अंशांवर तापलेल्या ओव्हनमध्ये साधारण वीस मिनिटं. आत काय चाललंय? वायू तापून पसरतोय, पाण्याची वाफ होतेय आणि बुडबुडे मोठे होतायत. साठ-सत्तर अंशांच्या आसपास पिठातला स्टार्च पाणी शोषून फुगतो, अंड्यातली प्रथिनं घट्ट होतात आणि बुडबुड्यांच्या भिंती कायमच्या उभ्या राहतात. ओव्हन १९० अंशांवर असला तरी मफिनच्या पोटात तापमान १०० अंशांपुढे जात नाही. आतलं पाणी जाऊ देत नाही, येईल ती उष्णता त्याची वाफ होण्यात खर्च होते. वरचा पृष्ठभाग मात्र कोरडा होतो, खूप तापतो आणि तिथे प्रथिनं आणि साखरा मिळून तपकिरी रंग आणि तो घरभर फिरणारा वास तयार करतात. लुई कामिय माइयार या फ्रेंच शास्त्रज्ञाने १९१२ मध्ये ही क्रिया मांडली. भाकरीच्या पापुद्र्यावरचे डाग आणि भाजलेल्या शेंगदाण्यांचा खमंगपणा हेही तिचंच काम. ओव्हन नसेल तर आप्पेपात्रात झाकण ठेवून मंद आचेवर करा. इवले मफिन होतील, तपकिरी फक्त खालून.

गोव्यात पोदेराकडे, म्हणजे तिथल्या पाववाल्याकडे, मिळणारी पोई खाल्लीय कुणी? तिच्यावर भुरभुरलेला असतो तोही गव्हाचा कोंडाच. शंभर ग्रॅम कोंड्यात चाळीस ग्रॅमहून जास्त तंतू असतात. आपल्याला ते पचत नाहीत, पण ते पोटात पाणी धरून ठेवतात आणि सकाळचं काम सोपं करतात. मोठ्या आतड्यातले जिवाणू त्यातले काही तंतू खातातही. मात्र कोंड्याला तिथेही प्यायला लागतं, तेव्हा मफिनबरोबर पाणी किंवा दूध हवंच.

आता एक प्रयोग. निम्म्या मफिनांत सूर्यफुलाच्या सोललेल्या बिया घाला आणि एक मफिन दुसऱ्या दिवसापर्यंत ठेवा. कापल्यावर बियांभोवती हिरवा रंग दिसला तर घाबरू नका, ती बुरशी नव्हे. या बियांत क्लोरोजेनिक आम्ल असतं. सोडा जास्त झाला की ते प्रथिनांच्या घटकांशी जुळून हिरवं होतं. म्हणजे तुमच्या ताकाला सगळा सोडा संपवता आला नाही, हे बिया सांगतायत. पुढच्या खेपेला सोडा थोडा कमी घाला, किंवा ताक एक दिवस जास्त आंबवून घ्या. आणि हा हिरवा मफिन खाऊन टाका, त्याने काहीच बिघडत नाही.