खुर्चीचा रुसवा

मैत्रिणींनो, रुसलेला नवरा, रुसलेली नणंद, रुसलेली विहीण आपण सगळ्यांनीच पाहिली आहे. पण रुसलेली खुर्ची पाहिलीत का कधी? मी परवा पाहिली. आमच्या धाराशिवला, शाळेतल्या मुलींबरोबर, दहा मिनिटांच्या एका लघुपटात!

'अ चेअरी टेल' हा १९५७ सालचा, कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळासाठी नॉर्मन मॅक्लारेन यांनी सहकाऱ्याबरोबर केलेला. एक तरुण पुस्तक घेऊन येतो नि खुशाल खुर्चीवर बसायला जातो. खुर्ची बाजूला सरकते! तो धावतो, झटापट करतो, चुचकारतो, पण बाईसाहेब काही बसू देत नाहीत. संवाद एकही नाही. पण रविशंकरांची सतार आणि चतुरलाल यांचा तबला असा रंगतो, की खुर्चीचा राग-लोभ आपोआप कळतो.

खुर्ची चालवली कशी? कधी दोऱ्यांनी ओढून, तर कधी जराशी सरकवून एकेक चित्र टिपून. ही युक्ती आपल्याकडेही जुनीच. दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) काढण्याआधी अशीच एकेक चित्र घेत वाटाण्याच्या रोपाची वाढ पडद्यावर दाखवली होती.

शेवटी तरुणाच्या डोक्यात प्रकाश पडतो. तो स्वतःच खुर्ची होतो आणि खुर्चीला आपल्यावर बसू देतो. मग कुठे ती राजी होते!

मुली हसून बेजार. मी विचारलं, "तुमच्या घरातली खुर्ची कोण गं?" मागच्या बाकावरून उत्तर आलं, "आई."

खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. मीही आईच की! पण घरी आले, तर भांड्याला येणाऱ्या मावशी उंबऱ्याशी टेकून चहा पीत होत्या. त्यांच्या वेगळ्या कपातून. सात वर्षं झाली. घरात खुर्च्या सहा.

"मावशी, वर बसा."

"ऱ्हाऊ द्या बाई, हितंच बरंय."

नुसतं 'बसा' म्हणणं हाही हुकूमच, नाही का? दुसऱ्या दिवशी मी आमच्याच कपांत चहा ओतला, उंबऱ्याशी त्यांच्याजवळ बसले, आणि दोन्ही कप मीच विसळले. चौथ्या दिवशी मावशी आपणहून खुर्चीवर बसल्या, अगदी कडेला.

अजूनही कडेलाच बसतात. सात वर्षांची सवय, त्यांना आणि आम्हालाही.

तुमच्या फडताळात आहे का हो असा वेगळा कप? एकदा बघा.