सलाइन जोरात सोडली की बाळ लवकर होतं?

दिवस भरून गेलेत, कळांचा पत्ता नाही. व्हरांड्यात ताटकळलेल्या नातेवाइकांची भुणभुण सुरू होते: 'सिस्टर, सलाइन जरा जोरात सोडा ना!'

या मागणीमागे समज असा, की औषध जास्त तर सुटका लवकर. कळांच्या सलाइनमध्ये ऑक्सिटोसिन असतं. दर मिनिटाला किती औषध रक्तात जातं, हे मोजूनच ते देतात. वेग वाढवल्यावर त्याचा पूर्ण परिणाम दिसायला अर्धा-पाऊण तास लागतो. त्याआधीच पुन्हा वाढवलं, तर कळांवर कळा येतात. कळ ओसरते तेव्हाच वारेकडचा रक्तपुरवठा पूर्ववत होतो. ती उसंतच गेली तर बाळाचे ठोके बिघडू शकतात. दहा मिनिटांत पाचाहून अधिक कळा येत राहणं हा धोक्याचा इशारा. मोठ्या आणि लहान डोसची तुलना करणाऱ्या चाचण्या एकत्र पाहिल्या, तर मोठ्या डोसने सिझर घटल्याचं दिसत नाही; कळांचा अतिरेक मात्र वाढतो.

'अल्सरची गोळी बाळंतिणीला?' हा आक्षेप कळा आणायला दिल्या जाणाऱ्या मिसोप्रोस्टॉलवर. ते मूळचं जठरव्रणाचं औषध, हे खरं. पण ते गर्भाशयाचं तोंड मऊ करतं आणि कळाही आणतं. अल्सरची गोळी २०० मायक्रोग्रॅमची, तर जागतिक आरोग्य संघटनेने इथे सुचवलेली मात्रा २५: तोंडाने दर दोन तासांनी किंवा योनीमार्गे दर सहा तासांनी. ब्लेडने गोळीचे आठ समान तुकडे कुणाला जमणार? म्हणून २५ची गोळी वापरतात, किंवा २०० मिलीलिटर पाण्यात मोठी गोळी विरघळवून २५ मिलीलिटर पाजतात.

या छोट्या डोसचा भक्कम पुरावा नागपूरचा आहे. तिथल्या सरकारी रुग्णालयांत रक्तदाब वाढलेल्या ६०२ गर्भवतींवर झालेली चाचणी २०१७ साली 'लॅन्सेट'मध्ये आली. दर दोन तासांनी २५ मायक्रोग्रॅम तोंडाने घेणाऱ्यांपैकी ५७ टक्के चोवीस तासांत नैसर्गिकरीत्या बाळंत झाल्या. फुग्याची नळी, म्हणजे फोली कॅथेटर, लावलेल्यांत ४७ टक्के.

'कळा आणल्या की सिझर ठरलेलं' हेही सरसकट खरं नाही. अमेरिकेतल्या २०१८च्या मोठ्या चाचणीत ३९व्या आठवड्यात कळा आणलेल्या, धोका कमी असलेल्या पहिलटकरणींत सिझर १८.६ टक्के झालं. वाट पाहिलेल्यांत २२.२.

आधी सिझर झालं असेल, तर मात्र मिसोप्रोस्टॉलने जुना व्रण फाटण्याची भीती असते. गर्भाशयावरची कुठलीही जुनी शस्त्रक्रिया डॉक्टरांना आधीच सांगा.