खेळाला विराम

पकडापकडीचा डाव ऐन रंगात आला असता एखाद्या गड्याच्या पायात काटा मोडतो, किंवा घरातून आईची हाक येते. तो चटकन मूठ तोंडाशी नेतो आणि 'टाइम प्लीज!' असे ओरडतो. एवढे दोन शब्द उच्चारले की त्याला कोणी शिवत नाही, त्याच्यावर राज्य येत नाही. काटा निघेपर्यंत डाव त्याच्यापुरता थांबलेला असतो. हा करार कोठे लिहून ठेवलेला नाही, तरीही तो मोडणाऱ्याला दुसऱ्या दिवशी खेळात घेण्यास गडी तयार नसतात. संगणकावरील खेळात मात्र समोर यंत्र असते. यंत्राला भीड नसते आणि दयामायाही नसते. त्याला थांबविण्याची जी रीत ठरवून दिलेली असेल, तेवढीच त्याला कळते. ती रीत नीट ठाऊक नसल्यामुळे कित्येक मुलांचे महिन्यामहिन्यांचे श्रम घटकेत मातीमोल झाले आहेत.

अशा खेळांपैकी सर्वांत प्रसिद्ध खेळ म्हणजे 'माइनक्राफ्ट' होय. मार्कुस पेर्सन नावाच्या स्वीडिश तरुणाने तो रचला. १७ मे २००९ रोजी त्याचे पहिले, अपुरे रूप लोकांपुढे आले आणि १८ नोव्हेंबर २०११ रोजी तो पूर्ण स्वरूपात प्रसिद्ध झाला. २०१४ साली अमेरिकेतील मायक्रोसॉफ्ट या कंपनीने, खेळ तयार करणाऱ्या मोयांग या संस्थेसह तो विकत घेतला. २०२३ पर्यंत त्याच्या तीस कोटींहून अधिक प्रती खपल्या होत्या.

या जातीच्या खेळांना 'सँडबॉक्स' म्हणजे वाळूची पेटी असे म्हणतात, आणि ते नाव सार्थ आहे. पाश्चात्त्य देशांत लहान मुलांसाठी अंगणात किंवा बागेत वाळूने भरलेली चौकट ठेवलेली असते. तिच्यात मुलांनी काय करावे हे कोणी सांगत नाही; कोणी डोंगर रचतो, कोणी बोगदा खणतो. आपल्याकडे दिवाळीत मुले अंगणात मातीचा किल्ला करतात, त्याच वृत्तीचा हा खेळ आहे. माइनक्राफ्टचे सारे जग घनाकृती ठोकळ्यांचे आहे. ठोकळे खणून काढावयाचे आणि हवे तेथे रचावयाचे, हाच मुख्य उद्योग. कोणी झोपडी बांधतो, तर कोणी बुरूज, तट आणि खंदक यांसह अवघा गड उभा करतो.

पण अंगणातला किल्ला आणि हा गड यांत एक महत्त्वाचा भेद आहे. किल्ला करणारा मुलगा जेवावयास गेला की शिलेदार, तोफा आणि हळिवाची हिरवळ जेथल्या तेथे राहतात. माइनक्राफ्टच्या जगाला स्वतःची गती आहे. तेथे सूर्य उगवतो व मावळतो, गहू वाढतो, मेंढ्या चरतात आणि रात्र पडली की अंधारातून राक्षस बाहेर निघतात. खेळणारा उठून गेला म्हणून हे व्यवहार आपोआप थांबत नाहीत.

ही गती कोठून येते, हे पाहणे मोठे मनोरंजक आहे. घड्याळ जसे टिकटिक करीत चालते, तसे हे जगही टिकटिक करीत चालते, आणि त्या ठोक्याला खेळातही 'टिक' असेच म्हणतात. एका सेकंदात असे वीस ठोके पडतात. प्रत्येक ठोक्याला संगणक साऱ्या जगाचा हिशेब एक पाऊल पुढे नेतो: सूर्य केसभर सरकतो, वाहते पाणी पुढे जाते, राक्षस एक पाऊल टाकतो. चोवीस हजार ठोके झाले की तेथील एक दिवस व रात्र संपते. आपल्या घड्याळाप्रमाणे त्याला अवघी वीस मिनिटे लागतात. भट्टीत लोखंडाचे एक खनिज वितळण्यास दोनशे ठोके, म्हणजे दहा सेकंद पुरतात. जमिनीवर पडलेली वस्तू कोणी उचलली नाही, तर सहा हजार ठोक्यांनी, म्हणजे पाच मिनिटांनी नाहीशी होते.

तेव्हा खेळ थांबविणे याचा खरा अर्थ हे ठोके थांबविणे असा आहे. पडदा झाकला, आवाज बंद केला किंवा खुर्चीवरून उठले, तर ठोके थांबत नाहीत. ते थांबले की सूर्य होता तेथेच उभा राहतो. भट्टीही थांबते, हे येथे ध्यानात घ्यावयास हवे. खेळ थांबवून जेवून यावे म्हणजे तोवर लोखंड तयार होईल, असा चतुर बेत कोणी केला, तर परत आल्यावर खनिज जसेच्या तसे पाहून त्याची निराशा ठरलेली आहे.

ठोके थांबविण्याची कळ कळफलकाच्या डाव्या कोपऱ्यात, अगदी वरच्या बाजूस असते. तिला 'एस्केप' म्हणतात. संगणकावरील माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत, एकट्याने खेळत असता ही कळ दाबली की पडद्यावर खेळाची यादी उघडते आणि जग तत्क्षणी स्तब्ध होते. इतकेच नव्हे, तर त्याच वेळी संगणक जगाची नोंद तबकडीवर करून ठेवतो. एरवी अशी नोंद साधारणतः दर पाच मिनिटांनी होत असते. दुसऱ्या एखाद्या कामासाठी खेळाची खिडकी सोडून दुसरी खिडकी पुढे आणली, तरी ही यादी आपोआप उघडते. मात्र 'एफ ३' आणि 'पी' या कळा एकत्र दाबून कोणी ही सोय बंद केली असेल, तर तसे होत नाही. भावंडांचा संगणक एकच असेल, तर हे आधी तपासून पाहिलेले बरे.

बहुतेक मुलांची फसगत होते ती दुसऱ्याच एका कळेमुळे. 'ई' ही कळ दाबली की जवळच्या सामानाचा पेटारा उघडतो. सारा पडदा त्या चौकटीने व्यापला जातो, खेळणाऱ्याचे चालणे थांबते, आणि खेळच थांबला असे वाटते. प्रत्यक्षात ठोके पडतच असतात. पेटी उघडली किंवा मित्राला निरोप लिहिण्याची चौकट उघडली, तरी हीच गोष्ट. चौकटीच्या मागे राक्षस पावले टाकीत असतो.

त्या राक्षसांत 'क्रीपर' नावाचा एक हिरवा प्राणी आहे. त्याला चार पाय आहेत, पण हात नाहीत. पेर्सन याने डुकराचे चित्र तयार करताना उंचीच्या जागी लांबी आणि लांबीच्या जागी उंची घातली, आणि त्या चुकीतून हा प्राणी जन्मास आला. तो आवाज न करता जवळ येतो, फुसफुसतो आणि दीड सेकंदात स्फोट पावून आजूबाजूच्या भिंतींनाही भगदाड पाडतो. दीड सेकंद म्हणजे तीस ठोके. पेटाऱ्याची चौकट उघडी टाकून पाणी प्यावयास गेलेल्याला तेवढा अवधी कसा पुरावा?

एस्केप कळ दाबूनही धोका संपतो असे नाही. तो केवळ पुढे ढकलला जातो. जग जसेच्या तसे गोठलेले असते आणि त्यात संकटेही तशीच गोठलेली असतात. कड्यावरून कोसळत असता थांबविलेला खेळ पुन्हा सुरू झाला की कोसळणे तेथूनच सुरू होते. फुसफुसत असलेल्या क्रीपरचे उरलेले ठोके तेवढेच उरलेले असतात. अर्ध्या तासाने जेवून परतलेल्या मुलाला मात्र आपण कोठे उभे होतो, मागे काय होते, याचे स्मरण नसते. म्हणून जाणते खेळाडू जागा पाहून थांबतात. चारी बाजूंनी बंद असलेली खोली, दार लावलेले आणि भिंतीवर मशाल, ही त्यांची नेहमीची व्यवस्था. मशाल शोभेसाठी नसते. २०२१ साली आलेल्या नव्या नियमांनुसार बहुतेक राक्षस केवळ पूर्ण अंधारातच उत्पन्न होतात, आणि म्हणून एका लहान खोलीत एक मशालही पुष्कळ होते. 'हार्डकोर' या प्रकारात खेळणारे तर याविषयी फार काटेकोर असतात, कारण तेथे एकदा मरण आले की त्या जगात पुन्हा जगावयास मिळत नाही. पाहुण्यासारखे नुसते फिरता येते.

अनेकजण मिळून खेळत असले म्हणजे सारेच पालटते. तेव्हा जग एका मध्यवर्ती संगणकावर असते. त्याला 'सर्व्हर' म्हणतात. प्रत्येकाच्या घरी दिसते ते त्या जगाचे केवळ चित्र. अशा वेळी एस्केप दाबले, तर यादी उघडते, पण ठोके पडतच राहतात. एकाने कळ दाबली म्हणून दहाजणांचा सूर्य थांबणे शक्य नाही आणि ते न्यायाचेही होणार नाही. मैदानातला 'टाइम प्लीज' येथे चालत नाही. म्हणून उठावयाचे असेल, तर यादीतून त्या जगाचा निरोप घेऊन बाहेर पडावे. म्हणजे खेळणाऱ्याची बाहुली तेथे उभी राहत नाही आणि तिला कोणी इजाही करू शकत नाही. नुसते उठून गेल्याने सोबत्यांचीही अडचण होते. रात्र लवकर सरावी म्हणून सर्वांनी बिछान्यावर निजावयाचे असते, आणि मूळ नियमाप्रमाणे एकही गडी जागा राहिला तर रात्र सरत नाही. तेव्हा जेवावयास गेलेल्या एका मुलाच्या बाहुलीपायी बाकीच्यांना सारी रात्र राक्षसांशी झुंजावे लागते.

येथे एक बारकावा आहे, आणि तो पुष्कळांना ठाऊक नसतो. २०१२ सालापासून जावा आवृत्तीत एकट्याने खेळतानाही संगणकाच्या आत एक लहानसा सर्व्हर चालत असतो. त्यामुळे एकट्याचे जग एका बटणाने घरातल्या दुसऱ्या संगणकांना खुले करता येते. मात्र ते तसे खुले केले की एस्केप कळेने जग थांबेनासे होते, मग दुसरे कोणी खेळावयास आलेले असो वा नसो. धाकट्या बहिणीसाठी सायंकाळी जग खुले केले, ती कंटाळून निघून गेली, आणि थोरला भाऊ सवयीप्रमाणे एस्केप दाबून उठला, तर परत आल्यावर त्याला आपला गड शाबूत दिसेलच असे नाही.

थोड्या वेळाचा विराम आणि दिवसाचा शेवट यांतही भेद केला पाहिजे. विराम दिलेला खेळ संगणकाच्या स्मरणात जिवंत असतो. वीज गेली, मांडीवरच्या संगणकाची बॅटरी संपली किंवा कोणी बटण दाबले, तर ते स्मरण पुसले जाते; शिल्लक राहते ती तबकडीवरील शेवटची नोंद. नोंद चालू असतानाच वीज गेली, तर ती नोंदही बिघडू शकते. असे प्रसंग येतात म्हणूनच हा खेळ जगाच्या मुख्य नोंदीबरोबर तिची आधीची एक प्रतही राखून ठेवतो. तरी दीर्घकाळ जावयाचे असल्यास यादीतील 'सेव्ह अँड क्विट टू टायटल' हे बटण दाबावे, आरंभीचा पडदा दिसेपर्यंत थांबावे आणि मगच संगणक बंद करावा. महिन्यामहिन्यांच्या श्रमाने गड उभारला असेल, तर अधूनमधून त्या जगाची प्रत काढून ठेवणेही शहाणपणाचे. जगांच्या यादीत 'एडिट' आणि त्यातील 'मेक बॅकअप' ही बटणे दाबली की ते काम काही क्षणांत होते.

थांबलेले जग कसे दिसते, हे पाहण्याची हौस असणाऱ्यांसाठी एक गंमतही या खेळात आहे. एरवी यादी उघडली की मागचे दृश्य झाकोळते. 'एफ ३' ही कळ दाबून धरून एस्केप दाबले, तर एकट्याच्या खेळात यादी न येता जग तेवढे थांबते. धबधबा कड्यावर स्थिर होतो, मेंढीचे पाऊल उचललेलेच राहते, आणि धनुष्यापासून सुटलेला बाण झाडाच्या अलीकडे हवेत लटकत असतो.