तोरू दत्त

इ.स. १८७६ च्या ऑगस्ट महिन्यात लंडनमधील एका साप्ताहिकाच्या कचेरीत टपालाने एक नारिंगी वेष्टनाचे, अगदी किरकोळ दिसणारे पुस्तक आले. त्याला प्रस्तावना नव्हती, नामांकित प्रकाशकही नव्हता. छपाई कोलकात्याच्या भवानीपूर भागातील. समीक्षक एडमंड गॉस यांनी ते काहीशा नाराजीनेच उघडले आणि वाचता वाचता ते थक्क झाले. आत शंभराहून अधिक फ्रेंच कवितांचे इंग्रजी अनुवाद होते. ते करणारी तोरू दत्त अवघी वीस वर्षांची होती. इंग्रजी आणि फ्रेंच या दोन्ही भाषा तिच्यासाठी परक्याच होत्या.

तोरूचा जन्म ४ मार्च १८५६ रोजी कोलकात्यातील रामबागान येथे झाला. वडील गोविंदचंद्र स्वतः कवी होते. १८६२ साली या कुटुंबाने ख्रिस्ती धर्म स्वीकारला. धर्म बदलला, तरी आईच्या तोंडच्या सीता-सावित्रीच्या कथा मुलांच्या मनात राहिल्याच. १८६५ मध्ये थोरला भाऊ अब्जू वारला. पुढे १८६९ साली आईवडील अरू आणि तोरू या दोन्ही मुलींना घेऊन युरोपला निघाले. मुलींनी उंबरठाही एकट्याने ओलांडू नये, अशी ज्या काळाची रीत, त्या काळात हे धाडसच होते!

फ्रान्समधील नीस येथे दोघी बहिणी काही महिने शाळेत गेल्या. तोरूचे शालेय शिक्षण काय ते एवढेच. पण फ्रेंच भाषेने तिला कायमची मोहिनी घातली. १८७० च्या युद्धात फ्रेंच सम्राट तिसऱ्या नेपोलियनचा पाडाव झाला, तेव्हा दत्त कुटुंब लंडनमध्ये होते. चौदा-पंधरा वर्षांच्या तोरूने फ्रान्सच्या पराभवाचे दुःख आपल्या रोजनिशीत नोंदवले. केंब्रिजला स्त्रियांसाठी भरणाऱ्या व्याख्यानांना बहिणी जात. पदवी मात्र तेथे स्त्रियांना मिळत नसे. तेथेच तिला मेरी मार्टिन ही जिवाभावाची मैत्रीण भेटली.

१८७३ मध्ये कुटुंब कोलकात्यास परतले. पुढच्याच वर्षी क्षयाने अरूचा बळी घेतला. त्या फ्रेंच कवितासंग्रहात आठ अनुवाद अरूचे आहेत. पुस्तक पाहणे मात्र तिच्या नशिबी नव्हते. क्षय आता तोरूलाही जडला. मेरीला पत्रे लिहीत, वडिलांबरोबर संस्कृत शिकत ती काम करीतच राहिली. ३० ऑगस्ट १८७७ रोजी एकविसाव्या वर्षी तिचे निधन झाले. (पुढे १८८३ साली कोलकात्याच्याच बंदरातून अमेरिकेला गेलेल्या डॉ. आनंदीबाई जोशी यांनाही आयुष्य एकवीसच वर्षांचे लाभले.)

तिच्या मृत्यूनंतर वडिलांना तिचे कागद चाळताना दोन कादंबऱ्यांची हस्तलिखिते सापडली. एक इंग्रजीत, अपुरी. दुसरी फ्रेंचमध्ये, पूर्ण झालेली. त्यांचा घरात कोणाला पत्ताही नव्हता. फ्रेंच कादंबरी १८७९ साली पॅरिसमध्ये प्रसिद्ध झाली.

भारतीय पुराणकथांवरील तिच्या इंग्रजी कविता १८८२ साली लंडनमध्ये प्रसिद्ध झाल्या. क्षयाचे जंतू रॉबर्ट कॉख यांनी शोधून काढले, तेही याच वर्षी. त्या संग्रहात सावित्री आहे, ध्रुव आहे, लक्ष्मण आहे. आणि बागेतल्या एका सुरूच्या झाडावरची कविताही आहे. त्या झाडाखाली ती अब्जू आणि अरूबरोबर खेळली होती.