रामा शेट्टी ते महाराणी: सदाशिव अमरापूरकर

अमरावती-अकोल्याच्या सिनेवेड्या मंडळींनो, आज एका मराठी खलनायकाबद्दल लिहितो. ऐंशी-नव्वदच्या दशकांतल्या मारधाडपटांवर इथल्या ज्या पिढीने जीव लावला, तिला या चेहऱ्याची ओळख करून द्यावी लागत नाही.

सदाशिव अमरापूरकर मूळचे अहमदनगरचे, जन्म १९५०, खरं नाव गणेशकुमार नरवोडे. 'हँड्स अप' या मराठी नाटकात गोविंद निहलानींनी त्यांना पाहिलं आणि 'अर्धसत्य'मध्ये (१९८३) रामा शेट्टीची भूमिका दिली. पटकथा विजय तेंडुलकरांची. हा गुंड ओरडत नाही, हातवारे करत नाही. बसल्या जागी शांतपणे बोलतो आणि समोरचा सब-इन्स्पेक्टर वेलणकर आतून पेटतो! हिंदी खलनायकाचा आवाज इतका खाली क्वचितच कोणी आणला असेल. सहायक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं ते योग्यच.

मग 'हुकूमत' (१९८७) आला, धंदेवाईक सिनेमाची दारं उघडली. 'सडक'मधली (१९९१) त्यांनी साकारलेली महाराणी तर आजही अंगावर येते. नकारात्मक भूमिकेसाठीचं पहिलंवहिलं फिल्मफेअर त्यांना तिच्यासाठीच मिळालं. पुढे 'आँखें', 'इश्क'मध्ये विनोदही केला, पण माझ्या मते त्या काळात त्यांना पुरेसं काही मिळालंच नाही.

२०१४ साली ते गेले. त्याआधीच्या वर्षी 'बॉम्बे टॉकीज'मधल्या दिबाकर बॅनर्जींच्या भागात ते आहेत, नवाजुद्दीन सिद्दीकीसोबत. छोटंसं काम आहे. आज रात्रीच बघा.