कवीच जेव्हा समीक्षक होतात : इंग्रजी साहित्य समीक्षेची ओळख



दहावीच्या मराठीच्या पेपरात कवितेचं रसग्रहण विचारतात. आशयसौंदर्य, काव्यसौंदर्य, भाषिक वैशिष्ट्ये असे मुद्दे ठरलेले, आणि त्यांची तयार उत्तरंही गाईडमध्ये छापलेली. मुलं ती पाठ करतात. कविता मात्र वाचायची राहून जाते. मग प्रश्न पडतो की कवितेबद्दल बोलायचं म्हणजे नक्की काय करायचं? हे कोणी सुरू केलं आणि कशासाठी?

याचं उत्तर शोधायला इंग्रजी समीक्षेचा इतिहास फार उपयोगी पडतो. कारण तिथे हे काम बऱ्याच अंशी कवींनीच केलं, आणि तेही हौस म्हणून नव्हे. कवितेवर कोणीतरी आरोप केला किंवा आपली नवी कविता लोकांना कळेना, तेव्हा कवीने लेखणी उचलली. आजच्या लेखात त्यातल्या प्रमुख कविसमीक्षकांची ओळख करून घेऊ. त्यांतला एक तर शाळा तपासणारा अधिकारी होता!

'टीका' म्हणजे काय?

बोलताना आपण 'त्याने माझ्यावर टीका केली' म्हणतो, म्हणजे दोष काढले. पण ज्ञानेश्वरीलाही आपण गीतेवरची टीकाच म्हणतो. तिथे टीका म्हणजे उलगडून सांगणं. इंग्रजीतला 'क्रिटिक' हा शब्द ग्रीक भाषेतून आला. त्याच्या मुळाशी पारखणं, निवाडा करणं हा अर्थ आहे. म्हणजे उलगडणं आणि पारखणं अशी ही दोन कामं. दोष दाखवणं हा त्यातला एक लहानसा भाग.

सिडनी : कविता खोटं बोलते का?

हा वाद ग्रीसपासूनचा आहे. प्लेटोने आपल्या आदर्श राज्यात कवींना जागा नाकारली. कवी नकलेची नक्कल करतात आणि भावना भडकवतात, असं त्याचं म्हणणं. त्याचा शिष्य अ‍ॅरिस्टॉटल याने मात्र काव्याचा शास्त्रशुद्ध अभ्यास केला. अनुकरणातून माणूस शिकतो, असं त्याने सांगितलं.

इंग्लंडमध्ये १५७९ साली स्टीफन गॉसन याने कवी आणि नाटकवाल्यांवर हल्ला करणारं पुस्तक लिहिलं, आणि ते अर्पण केलं सर फिलिप सिडनीला. सिडनी स्वतः कवी, दरबारी आणि सैनिक. त्याने गॉसनचं नाव न घेता कवितेची बाजू मांडली. हा निबंध त्याच्या मृत्यूनंतर, १५९५ मध्ये प्रसिद्ध झाला. 'अ‍ॅन अपॉलॉजी फॉर पोएट्री' या नावाने तो ओळखला जातो. इथे 'अपॉलॉजी' म्हणजे माफी नाही, बचाव!

सिडनीचा मुद्दा आपल्याला लगेच पटेल. तत्त्वज्ञ नियम सांगतो, पण उदाहरण देत नाही. इतिहासकार उदाहरण देतो, पण घडलं त्याच्या पलीकडे जाऊ शकत नाही. कवी दोन्ही एकत्र आणतो. आणि कवी खोटारडा कसा म्हणायचा? 'हे असं खरंच घडलं' असा दावा तो करतच नाही. कडू औषध गोड चवीत लपवून मुलाला द्यावं, तसं कवी आनंदातून शिकवतो, असंही तो म्हणतो. गोष्टीतून मूल्यशिक्षण देताना आपण दुसरं काय करतो?

ड्रायडन, पोप आणि जॉन्सन : नियम मोठे की अनुभव?

जॉन ड्रायडन याने १६६८ मध्ये नाट्यकाव्यावर निबंध लिहिला. त्याची मांडणी मोठी गमतीची आहे. डच आरमाराशी लढाई चालू आहे, तोफांचा आवाज दूरवर ऐकू येतोय आणि चार मित्र थेम्स नदीत होडीत बसून वाद घालताहेत. जुने लेखक श्रेष्ठ की नवे? फ्रेंच नाटक चांगलं की इंग्रजी? नाटकात यमक हवं की नको? चौघांचीही बाजू ऐकू येते. पुढे डॉ. जॉन्सन यांनी ड्रायडनला इंग्रजी समीक्षेचा जनक म्हटलं.

अलेक्झांडर पोप याने १७११ मध्ये चांगला समीक्षक कसा असावा हे चक्क पद्यात लिहिलं. तेव्हा तो जेमतेम तेवीस वर्षांचा होता. अर्धवट ज्ञान आणि गर्व हे समीक्षकाचे शत्रू, हा त्याचा एक मुख्य धडा.

सॅम्युएल जॉन्सन कोशकार म्हणून आपल्याला माहीत असतात, पण ते कवीही होते. त्या काळात नाटकाला एक नियम लावायचे : एकच कथानक, एकच स्थळ आणि साधारण एका दिवसाचा काळ. शेक्सपिअर हा नियम सर्रास मोडतो, म्हणून त्याच्यावर आरोप व्हायचे. जॉन्सन यांनी १७६५ च्या प्रस्तावनेत साधा प्रश्न विचारला : प्रेक्षकाला आपण नाट्यगृहात बसलोय हे माहीत नसतं का? पहिल्या अंकात रंगमंचाला अलेक्झांड्रिया मानणारा माणूस पुढच्या अंकात त्यालाच रोम मानू शकतो. आणि लक्षात घ्या, याच प्रस्तावनेत त्यांनी शेक्सपिअरचे दोषही मोजून दाखवले. आवडता लेखक असला तरी डोळे उघडे ठेवायचे, हे शिकण्यासारखं आहे.

वर्ड्सवर्थ आणि कोलरिज : कवितेची भाषा कोणाची?

१७९८ मध्ये या दोन मित्रांनी 'लिरिकल बॅलड्स' हा संग्रह काढला, तोही नाव न घालता. त्यातल्या बऱ्याच कविता खेड्यातल्या साध्या माणसांच्या, साध्या भाषेतल्या. तेव्हाच्या वाचकाला अलंकारांनी मढवलेली भाषा म्हणजेच कविता वाटायची. मग १८०० च्या आवृत्तीला वर्ड्सवर्थने मोठी प्रस्तावना जोडली. माणसं खरोखर बोलतात ती भाषा कवितेला चालते आणि गद्य-पद्याच्या भाषेत मुळात फरक नाही, असं त्याने ठामपणे मांडलं.

आता गंमत बघा. याच संग्रहातला त्याचा जोडीदार कोलरिज याने १८१७ मध्ये 'बायोग्राफिया लिटरारिया'त मित्राचा सिद्धांत खोडून काढला. शेतकऱ्याच्या बोलण्यातलं गावठीपण काढून टाकलं, तर ती इतर कोणत्याही समंजस माणसाची भाषा उरते; मग तिच्यात वेगळं काय राहिलं? शिवाय वर्ड्सवर्थच्या उत्तम कविता त्याच्या स्वतःच्या सिद्धांतात बसतच नाहीत, हेही त्याने दाखवलं. पण त्याच पुस्तकात त्याने वर्ड्सवर्थचं मोठेपणही तितक्याच बारकाईने सांगितलं. मतभेद असूनही कदर करता येते, ती अशी.

'कवितेचा पुढे उपयोग काय?' हा पालकांचा नेहमीचा प्रश्न. तो जुनाच आहे. १८२० मध्ये थॉमस लव्ह पीकॉकने लिहिलं की विज्ञानाच्या युगात कविता कालबाह्य झाली. त्याचाच मित्र शेली याने पुढच्याच वर्षी उत्तर लिहिलं. त्याचं म्हणणं थोडक्यात असं : दुसऱ्याचं दुःख समजायला कल्पनाशक्ती लागते, आणि कल्पनाशक्तीला व्यायाम कविता देते. म्हणून कविता हा नीतीचा पाया आहे. हा निबंध छापून यायला मात्र १८४० उजाडलं. तोवर शेली जाऊन अठरा वर्षं झाली होती.

मॅथ्यू अर्नॉल्ड : शाळा तपासणारा कवी

आता आपल्या अगदी जवळचा माणूस. मॅथ्यू अर्नॉल्ड १८५१ मध्ये सरकारी शाळा-तपासनीस झाले आणि १८८६ पर्यंत, म्हणजे तब्बल पस्तीस वर्षं ती नोकरी केली. लग्न ठरलं होतं, स्थिर पगार हवा होता. गावोगावच्या प्राथमिक शाळा, प्रवास, उत्तरपत्रिकांचे ढीग. हे सांभाळून त्यांनी कविता आणि समीक्षा लिहिली. १८५७ पासून दहा वर्षं ते ऑक्सफर्डला काव्याचे प्राध्यापकही होते. तिथली व्याख्यानं लॅटिनऐवजी इंग्रजीत देणारे ते पहिलेच.

१८५३ च्या संग्रहातून त्यांनी स्वतःची एक दीर्घ कविता वगळली आणि प्रस्तावनेत कारण दिलं : ज्या दुःखाला कृतीची वाटच सापडत नाही, ते नुसतं मांडून वाचकाला आनंद मिळत नाही. स्वतःच्या लेखनाला आधी तराजूत घालणारा हा समीक्षक.

त्यांची सर्वांत गाजलेली पद्धत १८८० च्या निबंधातली. इंग्रजीत तिला 'टचस्टोन' म्हणतात. मराठीत त्यासाठी नेमका शब्द आहे, कसोटी. सोनार कसोटीच्या दगडावर सोनं घासून कस बघतो. तसं होमर, दान्ते, शेक्सपिअर, मिल्टन यांच्या काही ओळी मनात पक्क्या ठेवायच्या आणि नवी कविता त्यांच्या शेजारी ठेवून पारखायची. यात उणीव आहेच. एखादी ओळ कवितेतून तोडून काढली तर तिचा अर्थ तसाच राहील का? आणि कसोटीच्या ओळी निवडणार कोण? पण चांगलं ओळखायचं तर आधी भरपूर चांगलं वाचलेलं हवं, हा त्यातला गाभा खोटा नाही.

शिक्षक म्हणून मला अर्नॉल्ड मोठे वाटतात ते मात्र दुसऱ्या कारणाने. १८६२ मध्ये सरकारने नवा नियम आणला. शाळेचं अनुदान मुलांच्या हजेरीवर आणि वाचन, लेखन, गणित यांच्या परीक्षेवर ठरू लागलं. तपासनीस येणार, एकेका मुलाची परीक्षा घेणार आणि जेवढी मुलं पास तेवढे पैसे. 'निकालावर पैसे' अशी ही पद्धत. अर्नॉल्ड यांनी सरकारी नोकरीत असूनही तिच्याविरुद्ध लेख लिहिला. पुढे अहवालांतूनही ते सांगत राहिले की या पद्धतीने शिकवणं यांत्रिक होतंय. ठरलेलं वाचनपुस्तक घोकून मूल पास होतं, पण त्याला वाचता येतंच असं नाही. वाचनपुस्तकांतल्या सुमार कवितांबद्दलही त्यांची तक्रार होती. मुलांनी चांगल्या कविता पाठ कराव्यात, पण आधी त्या समजून घ्याव्यात, असा त्यांचा आग्रह होता. ती पद्धत १८९० च्या दशकात टप्प्याटप्प्याने गेली, पण अर्नॉल्ड १८८८ मध्येच वारले होते.

म्हणजे बघा, ऑक्सफर्डमध्ये काव्यावर बोलणारा आणि गरीब वस्तीतल्या शाळेत मुलाचं वाचन ऐकणारा माणूस एकच होता. चांगल्या साहित्यावर सगळ्यांचा हक्क आहे, ही त्यांची भूमिका वर्ग बघून तयार झाली होती.

एलियट आणि त्यानंतर

टी. एस. एलियट मूळचे अमेरिकन. लंडनमध्ये आले तेव्हा सुरुवातीला त्यांनी शाळेत शिकवलं, मग बँकेत नोकरी केली. १९१९ च्या 'ट्रॅडिशन अँड द इंडिव्हिज्युअल टॅलेंट' या निबंधात त्यांनी दोन गोष्टी सांगितल्या. एक, परंपरा आयती मिळत नाही, कष्टाने मिळवावी लागते. आणि खरोखर नवी कलाकृती आली की जुन्या कृतींकडे बघण्याची आपली नजरही थोडी बदलते. दोन, कविता म्हणजे कवीच्या खासगी भावनांचा पाझर नव्हे. यासाठी त्यांनी रसायनशास्त्रातल्या उत्प्रेरकाचं उदाहरण दिलं. प्लॅटिनममुळे क्रिया घडते, पण ते स्वतः बदलत नाही. कवीचं मन तसं असावं. 'कवीला काय वाटलं असेल?' एवढाच प्रश्न आपण वर्गात विचारत राहतो, तेव्हा हे आठवायला हवं.

तीन वर्षांनी त्यांची 'द वेस्ट लँड' आली. तुकड्यातुकड्यांची, जुन्या ग्रंथांचे संदर्भ घेणारी. म्हणजे निबंध जणू कवितेसाठी जमीन नांगरत होता! १९४२ च्या एका व्याख्यानात एलियट यांनी स्वतःच हे मान्य केलं : कवी समीक्षा लिहितो तेव्हा आत कुठेतरी तो स्वतःच्या प्रकारच्या कवितेचंच समर्थन करत असतो. मिल्टनवर १९३६ मध्ये केलेली कडक टीकाही त्यांनी १९४७ मध्ये बरीच सौम्य केली.

याच काळात केंब्रिजमध्ये आय. ए. रिचर्ड्स यांनी एक प्रयोग केला. विद्यार्थ्यांना कवींची नावं न सांगता कविता दिल्या आणि मत लिहायला सांगितलं. हुशार मुलंही गडबडली. कोणी शब्दशः अर्थच चुकवला, तर कोणी ठरावीक साच्यातली मतं लिहिली. हे सारं त्यांनी १९२९ च्या 'प्रॅक्टिकल क्रिटिसिझम' मध्ये मांडलं. कविता बारकाईने वाचायला शिकवावं लागतं, हे त्यातून जगापुढे आलं.

आपल्याकडे बा. सी. मर्ढेकर हे याच जातीचे कविसमीक्षक. एलियटची कविता त्यांनी जवळून वाचली होती. त्यांच्या नव्या कवितेवर दुर्बोधतेचा आणि अश्लीलतेचा आरोप झाला, खटलाही झाला. आणि 'सौंदर्य आणि साहित्य' हा मराठीतला महत्त्वाचा समीक्षाग्रंथही त्यांचाच.

वर्गात आणि घरी काय करता येईल?

वरच्या सगळ्यांत समान धागा एकच : कोणीतरी हरकत घेतली आणि कवीने कारणं देऊन उत्तर दिलं. कारण देणं हेच समीक्षेचं मूळ काम. म्हणून काही साध्या गोष्टी सुचवतो.

१. रिचर्ड्ससारखं करा. कधीतरी कवीचं नाव न सांगता कविता फळ्यावर लिहा. दोनदा मोठ्याने वाचा, मग मुलांना बोलू द्या.

२. 'छान आहे' या उत्तरावर थांबू नका. 'कोणत्या शब्दामुळे छान वाटली?' असं विचारा. बोट कवितेतल्या शब्दावर ठेवायला सांगा.

३. 'मला नाही आवडली' हेही उत्तर स्वीकारा, फक्त कारण मागा. जॉन्सनना शेक्सपिअरचे दोष दाखवता येतात, तर चौथीतल्या मुलाला पाठ्यपुस्तकातली कविता कंटाळवाणी वाटू शकते.

४. दोन मुलांची मतं वेगळी असतील तर ड्रायडनच्या होडीसारखं दोघांनाही पूर्ण बोलू द्या. निकाल लगेच देऊ नका.

५. पालकांनी घरी गाईड उघडण्याआधी कविता एकदा मुलाच्या तोंडून ऐकावी. पाच मिनिटं पुरतात.

परीक्षा आहे, गुण आहेत, ते कोणालाच टळत नाहीत. अर्नॉल्ड यांनाही टळले नव्हते. ज्या पद्धतीला त्यांचा विरोध होता, त्याच पद्धतीने त्यांना वर्षानुवर्षं मुलं तपासावी लागली. तरीही पास झालेल्या मुलाला वाचता येतं का, हा प्रश्न त्यांनी सोडला नाही. रसग्रहणाची उत्तरं तपासताना आपणही तो विचारू या : पान भरलंय, पण मुलाने कविता वाचली आहे का?